घोड-भीमेच्या काठचे हिमयुग

भूगोलात हिमनदीचा पाठ आला की शिरूर किंवा दौंडच्या शाळेत शिक्षकांची जरा पंचाईत होते. इथल्या मुलांनी बर्फ पाहिलेला असतो तो रसवंतीगृहात, नाहीतर गोळ्याच्या गाडीवर. समुद्रही सह्याद्रीच्या पलीकडे, सरळ रेषेत मोजला तरी दौंडपासून दीडशे कि.मी.हून दूर. मग ‘हिमयुगात समुद्राची पातळी खाली गेली’ हे वाक्य विद्यार्थ्याने पाठ करावे, यापलीकडे शिक्षकाने काय करायचे?

आइसलंडच्या दक्षिण किनाऱ्यावर या दोन्ही गोष्टी एका दिवसात पाहता येतात. सकाळी बुटांखाली लोखंडी दातेरी पट्टे बांधायचे आणि वाटाड्यामागून सोल्हेमायोकुल नावाच्या हिमनदीवर चालायचे. दुपारी रेनिसफ्यारा येथील काळ्या वाळूचा किनारा पाहायचा. तिथली वाळू काळी असते, कारण ती बेसॉल्ट या खडकाची आहे. शिरूर-दौंडच्या विहिरी ज्या काळ्या पाषाणात खोदलेल्या आहेत तोही बेसॉल्टच. आपला सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वीचा, आइसलंडचा त्याहून बराच तरुण. खडकाची जात एकच. तेव्हा बर्फाने या खडकावर आपल्याकडेही काही खुणा ठेवल्या आहेत का, हे तपासून पाहायला हरकत नाही.

बर्फाची सही

हिमनदी सरकते तेव्हा तळाशी गोठलेले दगड घेऊन जाते. हे दगड खालच्या कातळावर पटाशीसारखे घासतात आणि त्यावर एकाच दिशेने जाणारे ओरखडे उमटतात. बर्फ वितळला की दगड, वाळू आणि अगदी बारीक माती असे सगळे एकाच ढिगात पडते. वाहते पाणी असे करत नाही. जोर असेल तेव्हा ते मोठे गोटे टाकते, जोर ओसरला की वाळू आणि शेवटी गाळ. शिवाय नदीतले गोटे एकमेकांवर आपटून गोल होतात.

घोड नदीच्या काठावर गोल गोटे आणि थराथराने लागलेला गाळ दिसतो, ओरखडे उमटलेला कातळ नाही. म्हणजे इथे हिमनदी आली नव्हती. महाराष्ट्रात अशी सही पाहायची असेल तर चंद्रपूरजवळ इरई गावी जावे लागते. तिथल्या नदीपात्रातल्या ओरखडे पडलेल्या कातळाचे वर्णन भूवैज्ञानिक फ्रान्सिस फेडन यांनी १८७५ साली प्रसिद्ध केले. पण ते बर्फ सुमारे तीस कोटी वर्षांपूर्वीचे, भारत दक्षिण ध्रुवाच्या जवळ असतानाचे. आपल्या पुस्तकातले हिमयुग अगदी अलीकडचे. त्याचा शेवटचा कडाका सुमारे वीस हजार वर्षांपूर्वीचा. त्या काळात शिरूर-दौंडला काय चालले होते, या प्रश्नाचे उत्तर शोधण्याच्या प्रयत्नांनाही एक इतिहास आहे.

उसने घेतलेले वेळापत्रक

लुई अगासी यांनी १८३७ साली स्वित्झर्लंडमध्ये हिमयुगाची कल्पना मांडली. १९०९ पर्यंत पेंक आणि ब्रुकनर या दोघांनी आल्प्समध्ये चार हिमकाळ ओळखले आणि त्यांना तिथल्याच चार नद्यांची नावे दिली. हे चौपदरी वेळापत्रक इतके नेटके होते की जगभरचे संशोधक आपापल्या प्रदेशातले पुरावे त्यात बसवू लागले.

उष्ण प्रदेशात बर्फ नव्हते. मग तिथे हिमकाळाच्या जागी काय धरायचे? पूर्व आफ्रिकेत काम करणाऱ्यांनी उत्तर दिले, अतिवृष्टीचे काळ. युरोपात बर्फ वाढले की उष्ण कटिबंधात पाऊस वाढतो, असे गृहीत धरले गेले. हाच विचार भारतातही आला. १९३० साली कॅमिएड आणि बर्किट यांनी आग्नेय भारतातील अश्मयुगीन हत्यारांची क्रमवारी लावताना ओल्या आणि कोरड्या काळांची मांडणी केली. १९३५ साली डी टेरा आणि पॅटरसन यांनी काश्मीर आणि पोटवार भागांची पाहणी केली. सोन नदीकाठच्या पायऱ्यांसारख्या उंचवट्यांचा संबंध त्यांनी हिमालयातील हिमकाळांशी जोडला. त्यांचा ग्रंथ १९३९ साली निघाला आणि पुढची बरीच वर्षे तो प्रमाण मानला गेला.

पुण्याच्या डेक्कन कॉलेजात ह. धी. सांकलिया आणि त्यांचे सहकारी महाराष्ट्रातील नद्यांचे काठ धुंडाळू लागले, तेव्हा हीच चौकट सगळ्यांसमोर होती. सांकलियांचे गोदावरीकाठच्या हत्यारांवरील पुस्तक १९५२ साली प्रसिद्ध झाले. त्याआधी, १९५० मध्ये, गुजरातेतील नदीकाठांवरचे झॉयनर यांचे पुस्तक डेक्कन कॉलेजनेच काढले होते. या कामांमुळे एक चांगली सवय लागली. हत्यार उचलून पेटीत टाकण्याआधी ते कोणत्या थरातून आले, त्याखाली काय आहे आणि वर काय आहे, हे टिपून ठेवायचे. पुढे चौकट मोडली ती याच सवयीमुळे.

कोरड्या काळाची साक्ष

चौकट खरी असेल तर हिमकाळात दख्खनच्या नद्या दुथडी भरून वाहत असल्या पाहिजेत. पण पुरावे दुसरेच काही सांगू लागले.

जळगाव जिल्ह्यात चाळीसगावजवळ पाटणे येथे शहामृगाच्या अंड्यांच्या कवचाचे तुकडे आणि मणी मिळाले. त्यांचे वय सुमारे पंचवीस हजार वर्षे ठरले. शहामृग हा मोकळ्या, कोरड्या माळाचा पक्षी. १९७२ साली पूर्व आफ्रिकेतील सरोवरांच्या जुन्या काठांची कार्बन-१४ पद्धतीने काढलेली वये प्रसिद्ध झाली. ही सरोवरे भरलेली होती ती हिमकाळाच्या कडाक्यात नव्हे, तर तो संपल्यावर, सुमारे दहा ते आठ हजार वर्षांपूर्वी. १९८२ साली अरबी समुद्राच्या तळातून काढलेल्या गाळातील परागकणांचा अभ्यास प्रसिद्ध झाला. त्यातही हिमकाळाच्या कडाक्यात मोसमी पाऊस क्षीण असल्याच्या खुणा दिसल्या. याच दशकात ब्रिटिश संशोधकांनी सोन खोरे पुन्हा तपासले. तिथल्या पायऱ्यांचा हिमकाळांशी लावलेला मेळ त्यांना टिकणारा वाटला नाही. जमिनीच्या हालचालींचा वाटा त्यात मोठा होता.

दख्खनच्या नद्यांपुरती ही गोष्ट नीट जुळवली ती पुण्यातल्या अभ्यासकांनी. विश्वास काळे आणि शरद राजगुरू यांचा वायव्य दख्खनमधील नद्यांवरचा निबंध १९८७ साली ‘नेचर’ या नियतकालिकात प्रसिद्ध झाला. हिमकाळाच्या अखेरच्या टप्प्यात या नद्या आपल्याच खोऱ्यात गाळ भरत होत्या आणि पुढे पाऊस वाढल्यावर त्यांनी तोच गाळ कापला, असा त्याचा आशय आहे.

इथे विद्यार्थी हमखास विचारतात, पाऊस कमी असेल तर गाळ जास्त कसा? आपल्या शिवारातलेच उदाहरण घेऊ. दुष्काळी वर्षात माळावरचे गवत करपते, माती उघडी पडते. मग एखाद्या वळवाच्या सरीने ओढ्यात भसाभस माती येते. पण ती लांब वाहून न्यायला ओढ्यात पाणी टिकत नाही, म्हणून माती तिथेच बसते. असे हजारो वर्षे झाले की खोरे भरत जाते. उलट, पाऊस भरपूर आणि नियमित असेल तर उतारावर झाडोरा वाढतो, माती धरून ठेवली जाते, आणि नदीचे जोरकस पाणी स्वतःचेच पात्र खोल करते.

समुद्र दूर गेला तेव्हा

हिमकाळात उत्तर युरोप आणि कॅनडावर कोठे कोठे तीन कि.मी. जाडीचे बर्फ साचले होते. हे पाणी अखेर समुद्रातूनच आलेले. त्यामुळे समुद्राची पातळी आजच्यापेक्षा सुमारे १२० मीटरने खाली गेली. मुंबईसमोर समुद्राचा तळ उथळ आणि रुंद आहे. तिथे किनारा दोनशे कि.मी.हून अधिक पश्चिमेला सरकला होता. म्हणजे शिरूरहून निघालेल्या माणसाला घाट उतरून कोकणपट्टी ओलांडल्यावर, आज जिथे मासेमारीच्या होड्या फिरतात तिथून आणखी कित्येक दिवस चालावे लागले असते!

मग समुद्र खाली गेल्यामुळे घोड आणि भीमेची पात्रे खोल झाली का? नाही. या नद्या अरबी समुद्राला पाठ करून वाहतात. घोड भीमेला मिळते, भीमा दौंडवरून पुढे जाऊन कृष्णेला, आणि कृष्णा बंगालच्या उपसागराला. इतक्या लांबच्या आणि वाटेत जागोजागी कठीण कातळ असलेल्या प्रवासात समुद्राच्या पातळीतला बदल दौंडपर्यंत पोचत नाही. बर्फाचा परिणाम इथे आला तो ढगांच्या वाटेने. समुद्र थंड झाल्याने बाष्प घटले, आशिया खंडाची जमीन उन्हाळ्यातही पुरेशी तापेना, आणि मोसमी वारे अशक्त झाले.

पुढे चित्र पालटले. पृथ्वीची कक्षा आणि तिच्या आसाचा डोल यांमुळे सुमारे नऊ हजार वर्षांपूर्वी पृथ्वी उत्तर गोलार्धाच्या उन्हाळ्यात सूर्याच्या अधिक जवळ असे. (आज ती जानेवारीत जवळ असते.) कुट्झबाख यांनी १९८१ साली गणिताने दाखवले की त्या वेळी जुलैतले ऊन आजच्यापेक्षा सुमारे ७ टक्के अधिक होते आणि त्यामुळे मोसमी पाऊसही अधिक. नद्यांनी जुना गाळ कापला तो या ओल्या काळात. आज घोडच्या काठावर ज्या उभ्या पिवळट-तपकिरी दरडी दिसतात त्यांचा जन्म असा झाला.

अशाच एका काठावर, शिरूर तालुक्यातील इनामगावी, इ.स.पू. १६०० च्या सुमारास शेतकऱ्यांनी वस्ती केली. डेक्कन कॉलेजने १९६८ ते १९८३ या काळात तिथली पांढर उत्खनन करून अभ्यासली. इ.स.पू. १००० नंतर तिथे प्रशस्त चौकोनी घरांच्या जागी लहान गोल झोपड्या आल्या, शेती घटली आणि शिकारीवरचा भर वाढला. म. के. ढवळीकरांनी याचे कारण वाढती कोरड हे दिले. पुढच्या काही अभ्यासकांना ते पुरेसे वाटले नाही. या कोरडीला मात्र कोणी हिमयुगाशी जोडू नये. हिमयुग त्याआधी कित्येक हजार वर्षे संपले होते. प्रत्येक जुन्या दुष्काळाला एकच मोठे कारण चिकटवण्याचा मोह आल्प्सच्या वेळापत्रकासारखाच आहे.

एका दिवसाची सहल

शिरूरचे जुने नाव घोडनदी. तिथल्या किंवा दौंडच्या शाळेला एका दिवसात हे सारे पाहता येईल. पाणी ओसरल्यावर, हिवाळ्यात, मुलांना नदीकाठच्या सुरक्षित, न ढासळणाऱ्या दरडीसमोर न्यावे. वरून खाली थर मोजावेत. रंग, कणांचा आकार, चुनखडीचे खडे आणि गोटे कोणत्या उंचीवर आहेत हे वहीत आखून घ्यावे. गोट्यांपैकी पन्नास उचलून त्यांत गोल किती आणि कोनदार किती ते मोजावे. हत्यार किंवा हाड दिसले तर ते न काढता जागेची नोंद करावी आणि डेक्कन कॉलेजला कळवावे. त्यावर वर्गात एकच प्रश्न ठेवावा: हे थर टाकणाऱ्या नदीत पाणी जास्त होते की कमी, आणि हे तुम्ही कशावरून म्हणता?

सोल्हेमायोकुलचे टोक १९३० पासून मोजले जाते. ते काही दशके मागे गेले, मग पुढे आले, आणि १९९० च्या दशकाच्या मध्यानंतर सतत मागे हटत आहे. २०१० पासून जवळच्या एका शाळेतली मुले दर वर्षी तिथे जाऊन बर्फ किती हटले ते स्वतः मोजतात. आपल्या शाळांनाही घोड आणि भीमेच्या काठावर एक ठरलेली दरड निवडून दर वर्षी तिचे चित्र आणि माप घेता येईल. हे काम लांबणीवर टाकण्यासारखे नाही. वाळूच्या उपशाने आणि मातीसाठीच्या खोदाईने हे काठ झपाट्याने नाहीसे होत आहेत. वीस हजार वर्षांपूर्वी बसलेला थर ट्रॅक्टरच्या ट्रॉलीत भरून गेला की पुन्हा वाचायला मिळत नाही. निदान तो तिथे होता, किती जाड होता आणि कसा दिसत होता, एवढे तरी कोणाच्या तरी वहीत असावे.