पिवळ्या कागदाचा संपादक

वृत्तपत्राचे काम बातमी देण्याचे. बातमी घडविण्याचे नव्हे, असे आपण सारे मानत आलो. जे घडले ते संपादकाने सांगावे, त्यावर आपले मत द्यावे आणि बाजूला व्हावे. पण समजा, एखाद्या संपादकानेच घटना निर्माण केली, तिचे नियम त्यानेच केले, तिचा न्यायनिवाडाही त्यानेच केला आणि वर तिचे वर्णन आपल्याच पत्रात छापून ते पत्र लाखांनी खपवले, तर त्याला काय म्हणावे? आज ज्या गृहस्थाची हकिकत आम्ही सांगणार आहोत त्याने नेमके हेच केले. त्याचे नाव आंरी देग्रांज. फ्रान्सची प्रदक्षिणा करणारी जी जगप्रसिद्ध सायकल-शर्यत, तिचा हा जनक. परंतु शर्यतीपेक्षा तिच्या पाठीमागचे वृत्तपत्र आम्हाला अधिक उद्बोधक वाटते, म्हणून आमचा भर त्या वृत्तपत्रावर राहील.

देग्रांजचा जन्म ३१ जानेवारी १८६५ रोजी पॅरिसमध्ये झाला. कायद्याचे शिक्षण घेऊन तो एका कचेरीत कारकून म्हणून लागला. हा तरुण उघड्या पोटऱ्यांनी सायकलवर हिंडतो अशी तक्रार एका अशिलाने केली आणि त्यावरून त्याची नोकरी गेली, असे सांगतात. गोष्ट खरी असो वा मागाहून रचलेली असो, ती त्याला शोभते खरी. ११ मे १८९३ रोजी पॅरिसच्या बुफालो नावाच्या सायकल-धावपट्टीवर त्याने एका तासात ३५.३२५ किलोमीटर अंतर तोडले. 'तासाचा विक्रम' म्हणून अधिकृतपणे नोंदला गेलेला हा पहिला आकडा. आपल्या गावात एके काळी पोरे तासाच्या भाड्याने सायकल घेत आणि एका तासात जितके हिंडता येईल तितके हिंडून घेत. कल्पना तीच, फक्त पॅरिसला पंच आणि घड्याळ हजर होते! पुढच्याच वर्षी झ्यूल द्युब्वा याने ३८ किलोमीटरांच्या पुढे मजल मारून हा विक्रम मोडला. परंतु तोवर देग्रांजला एक गोष्ट उमगली होती. सायकल चालवून मिळणारी कीर्ती लवकर ओसरते. सायकलविषयी लिहिणाऱ्याची कीर्ती टिकते. १८९४ साली त्याने सायकलपटूंच्या तालमीवर एक पुस्तक लिहिले. त्याचे नाव 'डोके आणि पाय'. आधी डोके आणि मग पाय हा क्रम ध्यानात ठेवण्याजोगा आहे. नंतर क्लेमाँच्या टायर कंपनीत त्याने जाहिरातीचे काम पाहिले आणि १८९७ पासून पार्क दे प्रँस या धावपट्टीचे व्यवस्थापन सांभाळले. खेळ, लेखन, जाहिरात आणि तिकीटविक्री या चारही विद्या अशा रीतीने एकाच माणसाच्या अंगी आल्या.

आता थोडे राजकारणात शिरावे लागते. त्या काळी फ्रान्समध्ये खेळांचे अग्रगण्य दैनिक होते 'ल व्हेलो'. ते हिरव्या कागदावर निघे आणि त्याचा खप ऐंशी हजारांच्या घरात होता. त्याचा संपादक पिएर झिफार हा मोठा कल्पक माणूस. १८९१ साली पॅरिसहून ब्रेस्टला जाऊन परत येण्याची प्रचंड शर्यत त्यानेच भरवली होती. याच सुमारास ड्रेफस प्रकरणाने फ्रान्स दुभंगला. आल्फ्रेड ड्रेफस या ज्यू सेनाधिकाऱ्यावर हेरगिरीचा खोटा आरोप ठेवून त्याला काळ्या पाण्यावर धाडले होते. १३ जानेवारी १८९८ रोजी झोलाने राष्ट्राध्यक्षांना उघडे पत्र लिहून सेनापतींना आरोपीच्या पिंजऱ्यात उभे केले, आणि मग घराघरांत, मित्रामित्रांत तट पडले. झिफार ड्रेफसच्या बाजूचा. उलट त्याच्या पत्राला भरघोस जाहिराती देणारा मोटारींचा कारखानदार काउंट द दियों हा ड्रेफसचा कट्टर विरोधक. जून १८९९ मध्ये ओतेयच्या घोड्यांच्या शर्यतीच्या वेळी राष्ट्राध्यक्ष लूबे यांच्या टोपीवर एका उमरावाने काठी हाणली. त्या दंग्यात काउंटसाहेबही सापडले. त्यांना पंधरा दिवसांची कैद आणि शंभर फ्रँक दंड झाला. झिफारने त्यांच्यावर सडकून टीका केली. काउंट चिडला, त्याने जाहिराती काढून घेतल्या आणि क्लेमाँ, मिशलँ आदी कारखानदारांना हाताशी धरून प्रतिस्पर्धी दैनिकच काढले. ते 'लोतो-व्हेलो'. पहिला अंक १६ ऑक्टोबर १९०० रोजी निघाला. प्रतिस्पर्ध्याचा कागद हिरवा म्हणून यांनी पिवळा घेतला. संपादक म्हणून नेमला देग्रांज, आणि हिशेबाला व्हिक्तोर गोदे.

गंमत अशी की ज्या पत्राचा जन्मच राजकीय वैरातून झाला, त्याने आपण राजकारणाला शिवणार नाही अशी प्रतिज्ञा पहिल्याच अंकात करून टाकली! जाहिरातदाराने संपादकाला शिक्षा करण्यासाठी नवे पत्र काढावे आणि त्या पत्राने निव्वळ खेळाची भाषा बोलावी, यात ढोंग किती आणि व्यवहार किती हे ठरवणे अवघड आहे. आम्हाला वाटते, देग्रांज मनापासून तसेच मानत असावा. मात्र ज्यांच्या पैशावर तो हे मानत होता, त्यांचे मत वेगळे होते.

पत्र चालेना. खप पंचवीस हजारांच्या आसपास रेंगाळला. त्यात झिफारने नावावरून दावा लावला, तो देग्रांज हरला आणि जानेवारी १९०३ मध्ये 'व्हेलो' हा शब्द गाळून पत्राचे नाव नुसते 'लोतो' उरले. नावातून सायकल गेली, आणि वाचक तर सायकलचेच! तो वाचक कसा टिकवावा हा जीवनमरणाचा प्रश्न होता. त्यावर तोड काढली झेओ लफेव्र नावाच्या पंचविशीतल्या बातमीदाराने. नोव्हेंबर १९०२ मध्ये मोंमार्त्र हमरस्त्यावरच्या एका उपाहारगृहात जेवताना त्याने सुचवले की, साऱ्या फ्रान्सला वळसा घालणारी, दिवसचे दिवस चालणारी शर्यत काढावी. देग्रांज साशंक होता. निर्णय त्याने हिशेबनीस गोदेवर सोपवला. संपादकाच्या धाडसी कल्पनेला हिशेबनीस नकार देतो असा सार्वत्रिक अनुभव आहे. येथे गोदेने तिजोरी उघडी केली.

प्रथम शर्यत पाच आठवड्यांची ठरली. पंधरा नावे आली. तेव्हा देग्रांजने मुदत १ ते १९ जुलै अशी आखूड केली, प्रवेशशुल्क वीस फ्रँकांवरून दहावर आणले आणि पहिल्या पन्नास जणांना रोजचा पाच फ्रँक भत्ता देऊ केला. साठ जण निघाले. सहा टप्पे, एकूण २,४२८ किलोमीटर. पॅरिस ते लियों हा पहिलाच टप्पा ४६७ किलोमीटरांचा. रात्रीच्या अंधारातही चाके फिरतच होती. एकवीस जण परत पॅरिसला पोचले. जिंकला मोरिस गारँ, आणि तो मूळचा धुराडी साफ करणारा मजूर. त्याच्यात आणि दुसऱ्यात जवळजवळ तीन तासांचे अंतर होते. लफेव्र कधी आगगाडीने, कधी सायकलने त्यांच्या पाठोपाठ धावत बातम्या पाठवत होता. खुद्द देग्रांज बहुतेक वेळ पॅरिसलाच राहिला. बेत फसला तर आपले हात मोकळे असावेत, असा त्याचा हिशेब असावा. यश दिसू लागताच जनकत्व मात्र त्याने बिनदिक्कत स्वीकारले. लफेव्रच्या वाट्याला तळटीप आली.

आणखी एक गोष्ट. १ जुलै १९०३ रोजी शर्यतीच्या दिवशी देग्रांजने जो अग्रलेख लिहिला, त्याचा आरंभच झोलाच्या 'पृथ्वी' या कादंबरीतल्या शेतकऱ्याच्या उल्लेखाने होतो. बी पेरणाऱ्याच्या त्या भव्य हातवाऱ्याची उपमा त्याने आपल्या पत्राला दिली. ड्रेफसविरोधकांच्या भांडवलावर उभ्या राहिलेल्या पत्राच्या पहिल्या पानावर ड्रेफसचा कैवार घेणाऱ्या झोलाचे नाव! काउंटसाहेबांनी ते वाचले तेव्हा त्यांची मुद्रा कशी झाली असेल ते पाहायला आम्हाला आवडले असते.

खप पंचवीस हजारांवरून पासष्ट हजारांवर गेला. पुढच्या वर्षी 'ल व्हेलो' बंद पडले. बेकार झालेल्या झिफारला देग्रांजने आपल्याच पत्रात लिहिण्याचे काम दिले. त्याला कोणी औदार्य म्हणेल, कोणी विजेत्याचा डौल म्हणेल. आमच्या मते त्यात दोन्ही होते.

शर्यत लोकप्रिय झाली तशी बिघडलीही. १९०४ साली रात्रीच्या अंधारात स्पर्धकांना मारहाण झाली, कोणी आगगाडीत बसल्याचे आरोप झाले, आणि वर्षअखेरीस गारँसह पहिले चौघे बाद ठरून एकोणीस वर्षांचा आंरी कॉर्ने विजेता ठरला. देग्रांजने लिहून टाकले की ही शर्यत तिच्या यशानेच मेली. पुढच्या वर्षी ती पुन्हा भरली, हे सांगायला नकोच. १९१० साली त्याने स्पर्धकांना पिरेनीजच्या डोंगरांत घातले. त्या रस्त्यांची पाहणी करायला गेलेला सहकारी स्तेनेस तूरमाले खिंडीत बर्फात अडकून रात्री मरता मरता वाचला आणि रस्ता उत्तम आहे अशी तार त्याने पॅरिसला ठोकली! त्याच वर्षी डोंगर चढताना लापीझ याने आयोजकांना 'खुनी' म्हणून शिवी हासडली. ती शिवी अजून फ्रान्स विसरलेला नाही, आणि लापीझच त्या वर्षी जिंकला हेही.

येथे देग्रांजच्या स्वभावाचे मर्म आहे. तासाच्या विक्रमात माणूस एकटा असतो. घड्याळ आणि तो. त्याला हीच एकाकी झुंज साऱ्या शर्यतीत हवी होती. कोणी कोणाला मदत करायची नाही, दुरुस्ती ज्याची त्याने करायची. १९१३ साली क्रिस्तोफच्या सायकलचा पुढला चिमटा तूरमालेच्या उतारावर मोडला. तो कित्येक किलोमीटर सायकल वाहून एका खेड्यातल्या लोहाराच्या भट्टीशी आला आणि स्वतःच्या हातांनी त्याने तो सांधला. पण भाता एका पोराने मारला, म्हणून पंचांनी त्याला दंड ठोकला. गिअर बदलण्याची यंत्रे म्हणजे पंचेचाळिशी उलटलेल्यांची सोय, असे देग्रांज म्हणे. त्याने सूत्रे खाली ठेवल्यावरच, १९३७ साली, ती शर्यतीत आली. हा कडकपणा तत्त्वाचा होता हे आम्ही मान्य करतो. परंतु लोहाराच्या भट्टीतली ती हकिकत अग्रलेखाला किती सोयीची होती, हेही विसरता येत नाही. स्पर्धक जितका सोसेल तितके पत्र खपे. १९०८ साली खप अडीच लाखांवर होता, १९२३ साली पाच लाखांवर.

१९१४ ची शर्यत निघाली २८ जूनला. त्याच दिवशी सारायेव्होला ऑस्ट्रियाच्या युवराजाचा खून झाला. महायुद्धात लापीझ, फाबेर आणि पती-ब्रेतों हे तीन माजी विजेते मेले. पन्नाशीच्या पुढचा देग्रांज स्वतःही सैन्यात भरती झाला आणि युद्धपदक घेऊन परतला. व्हर्सायच्या तहावर सह्या झाल्या त्याच्या दुसऱ्याच दिवशी, २९ जून १९१९ रोजी, शर्यत पुन्हा सुरू झाली. सदुसष्ट निघाले, दहा पोचले. त्याच वर्षी आघाडीवरच्या स्पर्धकाला ओळखता यावे म्हणून पिवळा अंगरखा देण्यात आला; पत्राच्या कागदाचाच तो रंग. प्रथम तो क्रिस्तोफच्या अंगावर चढला.

आरंभी आम्ही जो प्रश्न टाकला त्याचे उत्तर १९२४ साली कूतांस गावच्या एका उपाहारगृहात मिळाले. आदल्या वर्षीचा विजेता आंरी पेलिसिये, त्याचा भाऊ फ्रांसिस आणि आणखी एक सोबती शर्यत सोडून तेथे येऊन बसले. निघताना जितके अंगरखे अंगावर असतील तितकेच पोचताना असले पाहिजेत असा नियम होता. पहाटेच्या थंडीत दोन घालून निघालेल्याला दुपारच्या उन्हात एक फेकण्याची मुभा नव्हती. भांडण त्यावरून पेटले. तेथे 'ल पती पारिसियँ' या दुसऱ्या दैनिकाचा बातमीदार आल्बेर लोंद्र पोचला. सायकलच्या शर्यतीतले त्याला फारसे कळत नव्हते, पण माणसे कळत होती. पेलिसियेने त्याच्यापुढे पिशवी रिकामी केली. डोळ्यांसाठी कोकेन, हिरड्यांसाठी क्लोरोफॉर्म, आणि गोळ्यांच्या डब्या. रात्री झोप लागत नाही, अंगावर कातडी राहत नाही, सारे त्याने सांगितले आणि लोंद्रने ते छापले. एकवीस वर्षे ही शर्यत 'लोतो'च्या पानांवर वीरगाथा म्हणून गाजत होती; तिच्या पोटातले सत्य बाहेर यायला दुसऱ्याचे पत्र लागले. देग्रांजजवळ लोंद्रइतकी लेखणी नव्हती असे नाही. पण शर्यतीचा तो मालक होता, आणि मालकाला काही गोष्टी दिसत नाहीत. पेलिसियेने बोलताना भर घातली असेलही. तरी पिशवी खरी होती.

त्याच्या बाजूचेही एक सांगितले पाहिजे. १९२९ साली आजारी दवाले आपल्या कंपनीच्या सोबत्यांच्या टेकूवर जिंकला. तेव्हा देग्रांजने सायकलच्या कारखानदारांच्या तुकड्याच काढून टाकल्या आणि १९३० पासून राष्ट्रांचे संघ केले. जाहिरातदारांनी जन्म दिलेल्या पत्राच्या संपादकाने जाहिरातदारांना असे दाराबाहेर केले. सर्वांना सारख्या सायकली पुरवण्याचा खर्च कोठून काढायचा? त्यासाठी शर्यतीच्या पुढे चॉकलेट आणि इतर मालाच्या गाड्यांची मिरवणूक निघू लागली. जाहिरातदार मागल्या दाराने परतले ते परतलेच! १९३३ साली खप ८,५४,००० वर गेल्याचा दावा 'लोतो'ने केला.

१९३६ साली शस्त्रक्रियेनंतर, डॉक्टरांचे न ऐकता, देग्रांज शर्यतीबरोबर निघाला. दुसऱ्याच टप्प्यावर त्याला वेदना असह्य झाल्या. सूत्रे व्हिक्तोर गोदेचा मुलगा झाक गोदे याच्याकडे गेली. १६ ऑगस्ट १९४० रोजी भूमध्य समुद्राकाठी बोव्हालों येथे देग्रांज वारला. तेव्हा पॅरिसवर जर्मनांचा झेंडा होता. 'लोतो' मात्र निघतच राहिले, जर्मनांच्या परवानगीने. ज्या झाकलेल्या धावपट्टीचा कारभार देग्रांजने उभारला होता, त्या व्हेल दिव्हमध्ये १९४२ च्या जुलैत फ्रेंच पोलिसांनीच पकडून आणलेल्या तेरा हजार ज्यूंपैकी सुमारे आठ हजारांना, त्यांत हजारो मुलांना, कोंडून ठेवले. तेथून त्यांची रवानगी छावण्यांत झाली. ड्रेफसच्या नावाने सुरू झालेल्या या हकिकतीत ती जागा पुन्हा यावी, हे लिहिताना आमचा हात थांबतो.

१९४४ साली पॅरिस मुक्त झाले आणि 'लोतो' बंद करण्यात आले. २८ फेब्रुवारी १९४६ रोजी झाक गोदेने 'लेकिप' हे नवे क्रीडापत्र काढले. ते पांढऱ्या कागदावर निघाले, कारण पिवळा कागद म्हटला की लोकांना जुने पत्र आठवे. १९४७ साली शर्यत परत सुरू झाली. तिच्यातला अंगरखा पिवळाच राहिला, आणि पुढे त्यावर देग्रांजच्या नावाची दोन आद्याक्षरे विणली जाऊ लागली.