लक्झेंबर्गमधील औद्योगिक भट्ट्या : व्यापार व किंमत यांचा ऐतिहासिक अभ्यास (१८७९–१९९७)

प्रस्तावना

औद्योगिक भट्टी ही बाजारात रोज विकली जाणारी वस्तू नव्हे. आंतरराष्ट्रीय व्यापाराच्या आकडेवारीत इंधनावरील भट्ट्यांना ८४१७ आणि विद्युत भट्ट्यांना ८५१४ असे क्रमांक दिलेले आहेत. मात्र लहान देशाच्या बाबतीत या नोंदींवरून कल काढणे धोक्याचे ठरते. एखाद्या वर्षी एकच मोठी भट्टी आयात झाली तर आलेख एकदम वर जातो आणि पुढील वर्षी तितकाच खाली येतो. शिवाय भट्टीचा आराखडा, स्वामित्व हक्क आणि तांत्रिक सल्ला यांची विक्री वस्तूंच्या नोंदीत दिसतच नाही. म्हणून लहान देशातील भट्ट्यांचा व्यापार समजून घेण्यासाठी इतिहासाचा आधार घेणे आवश्यक ठरते. केवळ २,५८६ चौ. कि.मी. क्षेत्रफळाचा लक्झेंबर्ग हा देश या दृष्टीने अभ्यासनीय आहे.

उद्दिष्टे

१) लक्झेंबर्गमधील भट्ट्यांच्या व्यापाराचे टप्पे निश्चित करणे.
२) भट्टीचे मोल ठरविणाऱ्या घटकांचा शोध घेणे.
३) भट्ट्या बंद होण्याचा भार कोणी उचलला, हे तपासणे.

पहिला टप्पा : विकत घेतलेले तंत्र

लक्झेंबर्गच्या दक्षिण भागात 'मिनेट' या नावाने ओळखले जाणारे लोहखनिज विपुल प्रमाणात होते. तथापि त्यात लोहाचे प्रमाण कमी आणि फॉस्फरसचे प्रमाण अधिक होते. फॉस्फरसमुळे पोलाद ठिसूळ होते. त्यामुळे येथील झोतभट्ट्यांतून निघणाऱ्या कच्च्या लोखंडाचे चांगले पोलाद बनविता येत नव्हते. सिडनी गिलख्रिस्ट थॉमस या इंग्रज संशोधकाने भट्टीला डोलोमाइटचे अस्तर देऊन आणि चुना मिसळून फॉस्फरस वेगळा करण्याची पद्धती शोधून काढली. मेट्झ या उद्योजक घराण्याने १८७९ मध्येच या पद्धतीचा परवाना मिळविला. १८८२ मध्ये ड्युडलांज येथे कंपनी स्थापन झाली आणि १८८६ मध्ये तेथे पोलादाचे उत्पादन सुरू झाले. फॉस्फरसयुक्त धातुमळी शेतीसाठी खत म्हणून उपयोगी पडू लागली. एकेकाळी दोष मानला गेलेला घटकच उत्पन्नाचे साधन बनला.

येथे एक गोष्ट लक्षात घेण्याजोगी आहे. विटा, पोलादी कवच व मजुरी यांचा खर्च तसाच राहूनही, परवाना हाती येताच मिनेट खनिजावर चालणाऱ्या भट्टीचे मोल वाढले. राज्यानेही खाणींचे हक्क देताना खनिज देशातच वितळविण्याची अट घातली. त्यामुळे भट्ट्या सीमेपलीकडे न जाता एश, डिफरडांज व ड्युडलांज परिसरातच उभ्या राहिल्या.

दुसरा टप्पा : सीमेबाहेर ठरणारे भाव

खनिज देशात असले तरी कोक जर्मनीच्या रूर खोऱ्यातून येत होता आणि पोलादाची बाजारपेठही परदेशातच होती. १८४२ पासून लक्झेंबर्ग जर्मन जकात संघात होते. पहिल्या महायुद्धानंतर ते त्यातून बाहेर पडले आणि १९२१ मध्ये त्याने बेल्जियमशी आर्थिक संघाचा करार केला. जकातीची सीमा बदलली, पण कोकची गरज बदलली नाही. या अडचणीवर उपाय म्हणून १९११ मध्ये स्थापन झालेल्या आर्बेड या कंपनीचे प्रमुख एमिल मायरिश यांनी पुढाकार घेतला. १९२६ मध्ये जर्मनी, फ्रान्स, बेल्जियम, लक्झेंबर्ग व सार प्रदेश यांच्या उत्पादकांनी आपापल्या उत्पादनाचा हिस्सा ठरवून घेतला. १९५१ च्या पॅरिस करारानुसार युरोपीय कोळसा व पोलाद समुदाय स्थापन झाला आणि १९५२ पासून त्याच्या उच्चाधिकार मंडळाचे कामकाज लक्झेंबर्ग शहरातून सुरू झाले. या व्यवस्थेत उत्पादकांना आपले दरपत्रक जाहीर करणे बंधनकारक होते.

१९७४ मध्ये देशाचे पोलाद उत्पादन सुमारे ६४ लाख टनांवर पोहोचले. त्यानंतर मागणी घटली. १९८० मध्ये समुदायाने 'उघड संकट' जाहीर करून सक्तीचे उत्पादन-हिस्से लागू केले. फेब्रुवारी १९८२ मध्ये बेल्जियमने फ्रँकचे ८.५ टक्के अवमूल्यन केले. चलन बेल्जियमशी जोडलेले असल्याने लक्झेंबर्गला ते इच्छेविरुद्ध स्वीकारावे लागले. कोकचा भाव, उत्पादनाचा हिस्सा आणि चलनाचा दर या तिन्ही बाबी देशाबाहेर ठरत होत्या. भट्टीचे मोल या तिन्हींवर अवलंबून होते.

तिसरा टप्पा : भट्टीची आणि भट्टीच्या ज्ञानाची विक्री

बेलव्हाल येथे १९६५, १९७० आणि १९७९ मध्ये अनुक्रमे 'अ', 'ब' व 'क' या झोतभट्ट्या सुरू झाल्या. त्यांपैकी सर्वांत नवी 'क' भट्टी १९९६ मध्ये चीनमधील कुनमिंग येथील पोलाद कंपनीला विकून सुटी करून पाठविण्यात आली. 'ब' भट्टी १९९७ मध्ये थंडावली आणि देशातील झोतभट्ट्यांचे युग संपले. १९९३ ते १९९७ या काळात शिफलांज, डिफरडांज व बेलव्हाल येथे भंगारावर चालणाऱ्या विद्युत प्रज्योत भट्ट्या आल्या होत्या. खनिज व कोक यांची जागा भंगार व वीज यांनी घेतली. देशातील शेवटची लोहखाण तर १९८१ मध्येच बंद झाली होती. त्यामुळे दोन दशकेही न वापरलेली 'क' भट्टी लक्झेंबर्गला निरुपयोगी ठरली. पोलादाची भूक वाढत असलेल्या चीनमध्ये मात्र तिला मोल होते.

याच काळात दुसरा व्यापार वाढत होता. १८७० मध्ये बॉयलर बनविणारा कारखाना म्हणून सुरू झालेल्या पॉल वुर्थ या कंपनीने झोतभट्टीसाठी घंटाविरहित शिरोभाग विकसित केला. पूर्वी माल घंटेच्या आकाराच्या झाकणांतून भट्टीत सोडला जाई. नव्या रचनेत फिरत्या पन्हळीमुळे खनिज व कोक हवे तेथे पसरविता येऊ लागले. १९७२ मध्ये जर्मनीतील हॅम्बोर्न येथे तिचा प्रथम औद्योगिक वापर झाला व पुढे ती जगभर स्वीकारली गेली. जुन्या भट्टीलाही हा शिरोभाग बसविता येत असल्याने नव्या भट्ट्यांची मागणी मंदावली तरी त्याला गिऱ्हाईक मिळत राहिले. ज्या देशाने एकेकाळी परवाना विकत घेतला, तोच देश आता परवाना विकू लागला.

सामाजिक परिणाम

संकटापूर्वी पोलाद उद्योगात २०,००० हून अधिक कामगार होते. १९७७ पासून सरकार, मालक व कामगार संघटना यांच्या त्रिपक्षीय वाटाघाटींतून सामूहिक कपात टाळण्यात आली. मुदतपूर्व निवृत्ती आणि संकटकालीन विभागाद्वारे पर्यायी काम हे मार्ग अवलंबिले गेले. त्याचा खर्च करदात्यांवर पडला. वेतनाची महागाईशी असलेली सांगडही १९८२ मध्ये सैल करण्यात आली. म्हणजेच बंद होणाऱ्या भट्टीची किंमत केवळ कंपनीने नव्हे, तर संपूर्ण समाजाने मोजली. हा भार वाटून घेतल्यामुळे संघर्षाची तीव्रता मर्यादित राहिली, हे मान्य करावे लागते.

निष्कर्ष

१) लहान देशात भट्टीचे मोल तिच्या बांधणीच्या खर्चापेक्षा कच्चा माल, इंधन, जकात, चलन व तंत्रज्ञानाचा हक्क यांवर अधिक ठरते.
२) भट्टीपेक्षा भट्टीचे ज्ञान अधिक काळ टिकते आणि सीमा अधिक सहजतेने ओलांडते.
३) ज्ञान देशात निर्माण झाले म्हणून त्याची मालकी देशातच राहते असे नाही. आर्बेड २००२ मध्ये आर्सेलरमध्ये विलीन झाली. २००६ मध्ये लक्ष्मी मित्तल यांच्या कंपनीने आर्सेलर ताब्यात घेतली. पॉल वुर्थचा बहुसंख्य हिस्सा २०१२ मध्ये जर्मनीच्या एसएमएस समूहाकडे गेला.

बेलव्हालच्या 'अ' व 'ब' भट्ट्या २००० पासून संरक्षित वास्तू आहेत आणि त्यांच्या परिसरात २०१५ पासून लक्झेंबर्ग विद्यापीठ आहे. मोठे उद्योग उभारू पाहणाऱ्या प्रदेशांनी भट्टीची खरेदी-किंमत विचारताना ती बंद करण्याची किंमत कोण मोजणार, हा प्रश्नही आधीच विचारला पाहिजे, हेच या इतिहासावरून स्पष्ट होते.