'दाजिबा'ची हाक आणि समीक्षेचे मौन

मराठी गाण्याचा इतिहास आपण बहुधा कवितेचा इतिहास म्हणूनच लिहिला आहे. ना. घ. देशपांडे यांची कविता गो. ना. जोशी यांनी १९३२ च्या सुमारास ध्वनिमुद्रित केली, तिथून भावगीताची परंपरा मोजण्याचा प्रघात पडला. गाण्याचे मोल कवीच्या शब्दांवरून ठरू लागले. ज्या गाण्यामागे मान्यवर कवी नाही, त्याच्यासाठी समीक्षेकडे परिभाषाच उरली नाही. १९८० च्या दशकात आनंद शिंदे यांच्या कॅसेटी गावोगाव वाजल्या, पण त्यांची नोंद अभ्यासक्रमाबाहेरच राहिली. २००२ च्या सुमारास आलेल्या 'ऐका दाजिबा' या अल्बमच्या वाट्यालाही हेच आले.

वैशाली सामंत हे नाव घरोघरी पोचवणारा हा अल्बम 'सागरिका'ने काढला. संगीत अवधूत गुप्ते यांचे होते. काळही लक्षात घ्यायला हवा. अलिशा चिनॉय यांच्या 'मेड इन इंडिया'ने १९९५ मध्ये आणि लकी अली यांच्या 'सुनो'ने १९९६ मध्ये हिंदी पॉपला चित्रपटाबाहेर स्वतःची बाजारपेठ मिळवून दिली होती. अल्फा मराठी वाहिनी १९९९ मध्ये सुरू झाली आणि मराठी गाण्याच्या चित्रफितीला घरचे अंगण मिळाले. चित्रपट नाही, नाटक नाही, केवळ गायिकेच्या आवाजावर उभे राहिलेले मराठी गाणे लोकप्रिय होऊ शकते, हे 'दाजिबा'ने दाखवून दिले.

या गाण्याविषयी शिक्षकवर्गात आम्ही दोनच अभिप्राय ऐकत आलो. एक, हा निव्वळ गोंगाट आहे. दुसरा, मराठीही आता हिंदीच्या तोडीची झाली. पहिल्यात तुच्छता आहे, दुसऱ्यात न्यूनगंड. दोहोंतही गाणे ऐकण्याची तसदी नाही.

नुसते शीर्षक घेतले तरी वाङ्मयाच्या अभ्यासकाला थांबावे लागते. दाजीबा हे पुरुषाचे नाव असते, पण 'दाजी' म्हणजे बहिणीचा नवरा. मेहुणी आणि दाजी हे आपल्या समाजातले हक्काच्या थट्टेचे नाते. एरवी मान खाली घालून वावरणाऱ्या मुलीला जी मोजकी माणसे मोकळेपणी चिडवता येत, त्यांत दाजी येतो. लग्नातली हळदीची गाणी, उखाणे, भोंडल्यातली सासरची टिंगल ही सारी या सवलतीचीच रूपे आहेत. पॉप अल्बमने नेमका हाच संबोधनाचा धागा उचलला. ताल नवा, वाद्ये नवी. पण 'ऐका' असे बजावणारी स्त्री जुनीच आहे. तिच्या ओळखीमुळेच गाणे इतक्या सहज रुजले, असे आम्हांला वाटते.

मात्र येथे एक हानीही झाली. लोकगीतात स्त्री बोलते आणि पाहतेही. जमलेल्या बायकांत ती एकटी नसते. चित्रफितीत मिलिंद गुणाजी आणि ईशा कोप्पीकर आले, आणि बोलणारी स्त्री प्रामुख्याने पाहण्याची वस्तू झाली. आवाज एकीचा, देह दुसरीचा, ही चित्रपटातील पार्श्वगायनाची जुनी रीत 'स्वतंत्र' अल्बमनेही सोडली नाही. या गाण्यावर टीका करायची तर ती येथे करावी, ठेका धरायला लावतो म्हणून नव्हे.

हा प्रश्न आम्हांला जवळचा वाटतो, त्याला आमचा नंदुरबार जिल्हा कारण आहे. २०११ च्या जनगणनेनुसार येथील सुमारे ६९ टक्के लोक आदिवासी आहेत. भिली, पावरी, अहिराणी, गुजराती बोलणाऱ्या घरांतून मुले मराठीच्या वर्गात येतात. 'दाजिबा' त्यांना वाहिनीइतकाच लग्नाच्या बँडवर भेटला, त्यांच्या स्वतःच्या बोलीतल्या गाण्यांच्या मागेपुढे. गाण्याचे खरे ग्रहण तेथे झाले. पण मांडवाला नियतकालिक नसते, म्हणून त्याची नोंद नाही. हीच मुले परीक्षेत भावगीतावर टिपण लिहितात आणि आपल्या आजीच्या लग्नगीतांना 'साहित्य' म्हणायला बिचकतात.

खानदेशाला हा अनुभव नवा नाही. बहिणाबाई चौधरी यांनी आपली गाणी जात्यावर, शेतात रचली. १९५२ मध्ये ती पुस्तकरूपाने आली आणि मगच ती 'कविता' ठरली. २०१८ मध्ये विद्यापीठाला त्यांचे नाव मिळाले. छपाईने गाण्यात काहीच भर घातली नव्हती. बदलली होती ती आपली नजर.

'ऐका दाजिबा' बहिणाबाईंच्या पंक्तीला बसवावा, असे आमचे म्हणणे नाही. गाणे कोण म्हणते, कोणाला उद्देशून म्हणते आणि कोणत्या नात्याच्या आधाराने म्हणते, हे तीन प्रश्न ध्वनिमुद्रित गाण्यालाही विचारावेत, एवढेच सुचवायचे आहे. 'दाजिबा'पाशी ते विचारायला शिकलेला विद्यार्थी उद्या आपल्या घरच्या भिली गाण्याकडे अधिक धीटपणे वळेल.