विद्युद्दाबाची वांटणी

इ. स. १८०० मध्यें इटलींतील व्होल्टानें विद्युद्घटांची माला रचून दाखविली आणि अखंड वाहणारा विद्युत्प्रवाह मनुष्याच्या हातीं आला. परंतु ही शक्ति मोजावी कशी व हवी तेवढीच घ्यावी कशी, हें पुढें पंचवीस वर्षें कोणासच नीट सांगतां येत नव्हतें. या प्रश्नाची उकल केली ती कोणा राजमान्य पंडितानें नव्हे, तर कोलोन शहरांतील एका शाळामास्तरानें.

गेऑर्ग सिमोन ओहम याचा जन्म १७८९ मध्यें एर्लांगेन येथें एका कुलुपें करणाऱ्या कारागिराच्या घरीं झाला. बाप स्वतःच्या प्रयत्नानें शिकलेला. त्यानेंच मुलांस गणिताची गोडी लाविली. १८१७ पासून ओहम कोलोनच्या विद्यालयांत शिकवीत असे आणि फावल्या वेळीं तेथील प्रयोगशाळेंत प्रयोग करीत असे. १८२५ मधील त्याचे पहिले प्रयोग फसले, कारण त्या काळच्या घटमालेचा जोर क्षणोक्षणीं उतरत असे. तेव्हां बर्लिन येथील एका शास्त्रीय नियतकालिकाचा संपादक पोगेनडोर्फ यानें सुचविलें कीं, घटमाला सोडून दोन धातूंचा जोड घ्यावा. बिस्मथ व तांबें यांचा एक सांधा उकळत्या पाण्यांत व दुसरा बर्फांत ठेवला, तर मिळणारा प्रवाह स्थिर राहतो. या युक्तीनें १८२६ मध्यें नियम हातीं लागला व १८२७ मध्यें तो ग्रंथरूपानें प्रसिद्ध झाला.

या नियमाचें मर्म असें. घटमालेचा दाब एकाच ठिकाणीं खर्च होत नाहीं. घाटाच्या उताराप्रमाणें तो तारेच्या लांबीवर हळूहळू उतरत जातो. जेथें विरोध अधिक, तेथें उतार अधिक. समजा, ६ व्होल्टांच्या घटमालेला १००० व २००० ओहम विरोधाचीं दोन वेटोळीं एकापुढें एक जोडलीं. दोहोंतून प्रवाह एकच वाहतो. म्हणून दाबाची वांटणी विरोधांच्या प्रमाणांत होते. पहिल्याच्या वांट्यास २ व्होल्ट येतात, दुसऱ्याच्या वांट्यास ४. प्रमाण बदलावें आणि हवा तो दाब काढून घ्यावा.

जर्मनींतील विद्वानांनीं मात्र या ग्रंथाचें स्वागत थंडपणानेंच केलें. विद्यापीठांत जागा मिळण्याची आशा मावळली. कोलोनची नोकरी सोडलेल्या ओहमला कित्येक वर्षें बर्लिनमध्यें शिकवण्याच्या लहानसहान कामांवर दिवस काढावे लागले. लंडनच्या रॉयल सोसायटीनें कॉप्ली पदक देऊन त्याचा गौरव केला तो १८४१ मध्यें. तेव्हां तो बावन्न वर्षांचा होता.

दाबाच्या या वांटणींत एक खोड मात्र आहे. वरील ४ व्होल्टांच्या वेटोळ्यास २००० ओहमचें एखादें उपकरण जोडलें, कीं तेंही प्रवाहाचा वांटा मागतें. त्या बाजूचा एकत्र विरोध १००० ओहम होतो आणि ४ च्या ठिकाणीं ३ व्होल्टच उरतात. मोजावयास जावें, तों मोजावयाची वस्तूच बदलावी, अशी ही अडचण! तिच्यावर उपाय काढला तो त्याच पोगेनडोर्फनें, आणि तोही १८४१ मध्येंच.

त्याच्या पद्धतीचें पुढें रूढ झालेलें रूप सोपें आहे. सारख्या जाडीच्या लांब तारेंतून स्थिर प्रवाह सोडावयाचा. जो घट तपासावयाचा, त्याचा दाब तारेवरील दाबाविरुद्ध लावावयाचा व स्पर्शबिंदु तारेवरून सरकवीत जावयाचें. दोन्ही दाब सारखे झाले, कीं गॅल्व्हानॉमीटरची सुई शून्यावर येते. त्या क्षणीं घटांतून कांहींच प्रवाह घेतला जात नाहीं. म्हणून त्याचा दाब जसाच्या तसा कळतो. ज्ञात दाबाचा घट त्याच तारेवर लावून दोन लांबींची तुलना केली, म्हणजे हिशेब पुरा झाला. तोलणाऱ्यानें वस्तूंतला कणही न घेतां तिचें वजन सांगावें, तशी ही युक्ति आहे.

ओहमला म्यूनिक विद्यापीठाचें प्राध्यापकपद १८५२ मध्यें मिळालें. दोनच वर्षांनीं तो निवर्तला. १८८१ च्या पॅरिस येथील परिषदेनें विरोधाच्या एककास त्याचें नांव कायम केलें. फिरती कळ असलेल्या रेडिओचा आवाज लहानमोठा करतांना विरोधपट्टीवरून एक स्पर्शबिंदु सरकतो आणि दाबाची तीच वांटणी होते. कळ फिरविणाऱ्या हातास कोलोनच्या त्या मास्तराची आठवण क्वचितच होते. काम मात्र त्याच्याच नियमानें चालतें.