नागराज मंजुळे : जेऊरच्या पोरानं लिहिलं, दिग्दर्शन केलं, कामही केलं

करमाळा (जि. सोलापूर) : पुणे-सोलापूर रेल्वेमार्गावर जेऊर हे करमाळा तालुक्यातलं गाव आहे. दगड फोडून पोट भरणाऱ्या वडार समाजातले नागराज मंजुळे इथलेच. सिनेमा लिहिणं, दिग्दर्शन आणि अभिनय ही तिन्ही कामं ते करतात. त्यांच्या आजवरच्या कामाची ही माहिती.

सुरुवात कवितेपासून
मंजुळे यांनी पुणे विद्यापीठातून मराठीत एम.ए. केलं. ‘उन्हाच्या कटाविरुद्ध’ हा त्यांचा कवितासंग्रह. पुढे अहमदनगरच्या (आताचं अहिल्यानगर) न्यू आर्ट्स कॉलेजात त्यांनी संज्ञापन अभ्यासक्रम केला. तिथंच अभ्यासाचा भाग म्हणून ‘पिस्तुल्या’ हा लघुपट तयार झाला. शाळेची ओढ असलेलं पोरगं गरिबीपायी चोरीकडं कसं ढकललं जातं, एवढीच गोष्ट. या लघुपटासाठी मंजुळे यांना पदार्पणाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला.

फँड्री (२०१४ ला प्रदर्शित)
कैकाडी बोलीत फँड्री म्हणजे डुक्कर. गावातली डुकरं धरायचं काम ज्या घराच्या वाट्याला येतं, त्या घरातल्या जब्याची ही कथा. घरचे डुकरामागं पळत असतात, शाळेत राष्ट्रगीत सुरू होतं आणि सगळे जागेवर थांबतात. हा प्रसंग बघणारा विसरत नाही. जब्या झालेला सोमनाथ अवघडे करमाळा तालुक्यातल्या केमचा. त्याला बालकलाकाराचा, तर मंजुळे यांना पदार्पणाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. मंजुळे यांनी स्वतः सायकल दुकानवाल्या चंक्याचं काम केलं.

सैराट (२९ एप्रिल २०१६)
पाटलाची आर्ची आणि मासेमारी करणाऱ्या घरातला परश्या. पळून जाऊन संसार थाटला, लेकरू झालं, तरी घरच्यांनी जीव घेतला. जातीबाहेरच्या लग्नाचा हा शेवट गावागावांत चर्चेला आला. शूटिंग बरंचसं करमाळा तालुक्यातच झालं. अकलूजची रिंकू राजगुरू तेव्हा शाळेत होती, आकाश ठोसर कुस्ती खेळणारा गडी. दोघांचाही हा पहिलाच सिनेमा. मराठी सिनेमाची कमाई यामुळं पहिल्यांदा १०० कोटींच्या घरात गेली. पुढं हिंदीत यावरून ‘धडक’ (२०१८) निघाला.

त्यानंतरची कामं
• पावसाचा निबंध : लघुपट. निबंध लिहायला बसलेला शाळकरी पोरगा आणि पावसात गळणारं घर. लघुपट-माहितीपट विभागात दिग्दर्शनाचा राष्ट्रीय पुरस्कार.
• नाळ (२०१८) : निर्मिती आणि वडिलांची भूमिका. दिग्दर्शन सुधाकर रेड्डी यक्कंटी यांचं.
• झुंड (२०२२) : हिंदी. नागपूरच्या झोपडपट्टीतल्या पोरांना फुटबॉल शिकवणाऱ्या विजय बारसे यांच्या कामावर आधारित. मुख्य भूमिकेत अमिताभ बच्चन.
• घर बंदूक बिरयानी (२०२३) : निर्मिती, लेखनात सहभाग आणि पोलीस अधिकाऱ्याची भूमिका. दिग्दर्शन हेमंत अवताडे यांचं.
टीव्हीवर त्यांनी २०१९ मध्ये ‘कोण होणार करोडपती’चं सूत्रसंचालनही केलं.

कामाची पद्धत
नट शोधायला ते मुंबईवर अवलंबून राहिले नाहीत. जवळच्या गावातली, कधी कॅमेऱ्यासमोर न आलेली पोरं त्यांनी घेतली आणि भाषा जशी बोलली जाते तशीच ठेवली. शहरी कानाला ही बोली कळेल का, असा प्रश्न असायचा. ‘सैराट’नंतर तो फारसा कुणी विचारत नाही. एकेकाळी ज्या बोलीला हसलं जायचं, तीच पडद्यावर नायक-नायिकेच्या तोंडी आली.

रील बनवणाऱ्या पोरांसाठी
आज मोबाईलवर शूटिंग करणारी पोरं गावोगाव आहेत. त्यांनी मंजुळे यांच्या कामाचा क्रम बघण्यासारखा आहे : आधी वाचन-लेखन, मग रीतसर शिक्षण, मग एक छोटा लघुपट, आणि त्यानंतर मोठा सिनेमा. ‘पिस्तुल्या’पासून ‘सैराट’पर्यंत पाच-सहा वर्षं गेली. गोष्ट मात्र आपल्याच गावातली होती.