शिडीची भाषा

पीएलसी, म्हणजे प्रोग्रॅमेबल लॉजिक कंट्रोलर, शिकू लागलेल्या आयटीआयच्या विद्यार्थ्यासमोर प्रथम येते ती एक शिडी: दोन उभ्या रेषा आणि मधल्या आडव्या पायऱ्या. प्रोग्रॅम चित्राने का लिहायचा, हे मात्र त्याला क्वचितच सांगितले जाते.

१९६८ पर्यंत मोटारनिर्मितीच्या कारखान्यांत यंत्रांचा क्रम रिले ठरवीत. नवे मॉडेल आले की भिंतभर पॅनेलांतील तारा नव्याने जोडाव्या लागत. त्या वर्षी जनरल मोटर्सच्या हायड्रामॅटिक विभागाने याला पर्याय मागितला. बेडफर्ड असोसिएट्सच्या डिक मॉर्ली यांनी १ जानेवारीलाच अशा नियंत्रकाचे टिपण लिहिले होते. कंपनीचा तो चौऱ्याऐंशीवा प्रकल्प, म्हणून यंत्र ठरले ‘मोडिकॉन ०८४’.

खरे चातुर्य भाषेच्या निवडीत होते. कारखान्यातला वायरमन रिलेची आकृती वर्षानुवर्षे वाचत आला होता. प्रोग्रॅमही त्याच आकृतीत लिहिला गेला. ‘चालू’च्या बटणाला समांतर मोटारीच्या कॉन्टॅक्टरचाच एक संपर्क जोडला, की बोट काढल्यावरही मोटार फिरत राहते, वीज जाऊन परत आली, तर मात्र ती आपोआप सुरू होत नाही. ‘बंद’च्या बटणाचा संपर्क एरवी जोडलेलाच ठेवतात, म्हणजे तार तुटली तरी मोटार थांबते. नियंत्रक सर्व इनपुट वाचतो, पायऱ्या वरून खाली सोडवतो, आउटपुट बदलतो आणि काही मिलिसेकंदांत पुन्हा आरंभ करतो.

२०१० साली उघडकीस आलेल्या स्टक्सनेटने या वाचनीयतेवरच घाव घातला. इराणमधील नतान्झच्या सेंट्रिफ्यूजचा वेग त्याने बदलला आणि पडद्यावर आधी नोंदवून ठेवलेली निर्दोष मोजमापे दाखवली. पीएलसीत घुसवलेला प्रोग्रॅम अभियंत्याने उघडून पाहिला, तरी दिसत नसे. शिडी होती, पण वाचणाऱ्याला भलतीच दिसत होती! या विषाणूची बाधा झालेल्या संगणकांच्या संख्येत इराण आणि इंडोनेशियापाठोपाठ भारत होता. त्याचे लक्ष्य ठरावीक रचनेचेच नियंत्रक होते, म्हणून इतरत्र तो बहुधा निष्क्रिय राहिला.

भाभा अणुसंशोधन केंद्राने घडवलेल्या ‘ट्रॉम्बे पीएलसी’चे मोल या पार्श्वभूमीवर ध्यानात येते. अणुभट्टीच्या नियंत्रणात नियंत्रकाच्या अंतरंगातील संगणकसंहिताही तपासता यावी लागते. केवळ शिडी वाचून भागत नाही. देशातील इतर कारखान्यांत मात्र सीमेन्स, मित्सुबिशी, श्नायडर यांचेच नियंत्रक सर्रास आढळतात. मोडिकॉन हे नावही आता श्नायडरकडेच आहे.