रंगभूमीवरून मूकपटाकडे

जर्मन रंगभूमीवर आल्बर्ट बासरमान या नटाचा मोठा दबदबा होता. श्रेष्ठ नटाकडून श्रेष्ठ नटाकडे वारशानें जाणारी इफलांड अंगठी १९११ पासून त्याजकडे होती. चलच्चित्र म्हणजे जत्रेंतली करमणूक, अशी तिकडील नाटकवाल्यांची समजूत असे. त्यांच्या संस्थांनीं तर तिच्याशीं असहकारच पुकारला होता. अशा वेळीं १९१३ च्या जानेवारींत बर्लिन येथें पाउल लिंडाउच्या नाटकावरून तयार केलेला एक मूकपट लागला, आणि त्यांत बासरमान झळकला. घोड्यावरून पडल्यानंतर दुहेरी आयुष्य जगूं लागलेल्या वकिलाची ती भूमिका. आवाज हें ज्याचें शस्त्र, त्यानें तें म्यानांत घालून नुसत्या चेहऱ्यानें लढावें, असाच तो प्रकार होता.

त्याच वर्षीं हा प्रश्न महाराष्ट्रांतही उभा राहिला. पण येथें त्याचा पीळ निराळा होता. धुंडिराज गोविंद फाळके यांचा 'राजा हरिश्चंद्र' ३ मे १९१३ रोजीं मुंबईच्या कॉरोनेशन चित्रगृहांत लागला. हरिश्चंद्र झालेले दत्तात्रय दामोदर दाबके हे रंगभूमीवरचे नट. तारामतीसाठीं मात्र स्त्री मिळेना. अखेर ग्रँट रोडवरील एका खाणावळींतला आचारी, अण्णा साळुंके, तारामती झाला!

मराठी प्रेक्षकांना यांत वावगें वाटण्याचें कारण नव्हतें. रंगभूमीवर पुरुषांनींच नायिका व्हावें अशी वहिवाट होती, आणि बालगंधर्वांच्या भूमिका पाहून कुलीन स्त्रिया नेसण्याची ढब उचलीत. परंतु रंगभूमीवर दिव्यांची झळाळी, पल्ला आणि गळ्यांतलें गाणें हीं तिन्ही नटाच्या मदतीस धांवून येतात. यंत्राला कान नव्हते, आणि त्याचा डोळा फार जवळ येई. शिवाय चित्रण दिवसाच्या लख्ख उन्हांत होई.

फाळके यांनीं आपलें बिऱ्हाड नाशिकला हलविलें, आणि 'मोहिनी भस्मासुर' या दुसऱ्या चित्रपटासाठीं त्यांना दोन स्त्रिया लाभल्या, त्याही मायलेकी. दुर्गाबाई कामत पार्वती झाल्या, आणि त्यांची मुलगी कमला मोहिनी. कमला तेव्हां तेरा-चौदा वर्षांची होती.

दुर्गाबाईंची हकीकत सरळ नाहीं. पतीपासून विभक्त झालेल्या त्या काळच्या स्त्रीला पोट भरण्याचे मार्ग किती होते? दुसऱ्यांच्या घरीं धुणींभांडीं करावीं, नाहींतर नातेवाइकांच्या दारीं मिंधें होऊन राहावें. त्यांनीं रंगभूमी पत्करली, आणि त्याबद्दल समाजाचे बोल खाल्ले. मुलगी फिरत्या नाटकमंडळीच्या बिऱ्हाडांतच वाढली. तिनें रंगभूमीवर पाऊल ठेवलें तें चौथ्या वर्षीं. शाळा म्हणाल तर तीच. वऱ्हाडांत कपाशीचा पैसा हातीं खेळूं लागला, कीं मंडळ्यांच्या बैलगाड्या अमरावती-यवतमाळकडे वळत. अशा मुक्कामांत आणि रात्रीच्या जागरणांत त्या काळच्या नाटकांतल्या मुलांचें बालपण सरे.

या घटनेला मराठी लेखनांत बहुधा 'पहिली नटी' एवढ्याच दोन शब्दांत गुंडाळलें जातें. तेवढ्यानें भागत नाहीं. ज्या स्त्रियांना समाजानें आधींच उंबऱ्याबाहेर काढलें होतें, त्यांच्यापाशीं गमावण्यासारखें फारसें उरलें नव्हतें. म्हणून त्या पुढें येऊं शकल्या. बासरमाननें प्रतिष्ठा असतां पाऊल टाकलें, या मायलेकींनीं प्रतिष्ठा नाकारली गेल्यावर टाकलें. धैर्य कोणाचें थोर, हें ज्यानें त्यानें ठरवावें.

आणि वाटही त्यामुळें लगेच मोकळी झाली असें नाहीं. १९१७ च्या 'लंकादहन' मध्यें राम आणि सीता या दोन्ही भूमिका पुन्हां साळुंके यानेंच केल्या.

कमलाबाई नाटकाकडे परतल्या. पूर्वीं स्त्रीभूमिका करणारे रघुनाथराव गोखले यांच्याशीं त्यांचा विवाह झाला. पुढें तरुणपणींच वैधव्य आलें, पदरीं तीन मुलगे. पोटासाठीं रंगभूमी सोडतां आली नाहीं. मुलगे मात्र नांवारूपास आले: चंद्रकांत नट झाले, लालजी आणि सूर्यकांत तबल्यांत रमले. नातू विक्रम गोखले यांनीं रंगभूमी आणि पडदा दोन्ही गाजविलीं.

बालगंधर्वांचें उलट झालें. बोलपट आला, गाण्याला पडद्यावर जागा मिळाली, आणि १९३५ सालीं प्रभातच्या 'धर्मात्मा' मध्यें ते पुरुषवेषांत एकनाथ झाले. पण तेथें त्यांचें मन रमलें नाहीं, आणि ते आपल्या नाटकांकडे परत गेले. मोहिनी झालेली पोर मात्र पडद्याला विसरली नाहीं. १९८० च्या 'गहराई' या हिंदी चित्रपटापर्यंत कमलाबाई यंत्रासमोर उभ्या राहत होत्या. १९९७ सालीं त्यांचें निधन झालें.